आणलं कोणी

प्रवीण ठिपसे यांना मी कधी भेटले नाही. रोहिणी खाडिलकर यांनाही नाही. माझं नाव त्यांना ठाऊक असण्याचं कारण नाही, आणि हे छापून आलं तरी ते ठाऊक होईल असं वाटत नाही. पण आयुष्यात कुणाकुणाचं देणं लागते याचा हिशेब मांडायला बसलं की आईवडिलांनंतर हीच दोन नावं येतात, आणि त्यांच्याही आधी तात्यांचं. या दोघांना वालावलपर्यंत आणलं ते तात्यांनी.

तात्या नात्याने आमचे कुणी नव्हते. आमच्या घरापासून दोन खळी सोडून त्यांचं घर, आणि त्याच घराची पडवी म्हणजे गावाचं पोस्ट. तात्या ब्रँच पोस्टमास्तर. एक टेबल, वजनकाटा, शिक्के, शाईची गादी आणि मनीऑर्डरचे फॉर्म अडकवलेला खिळा, एवढाच सरकारी संसार. कुडाळहून टपालाची थैली यायची, वाटप व्हायचं, आणि मग टेबलाच्या खालच्या खणातून पट बाहेर निघायचा. मोहरे सावंतवाडीच्या चितारआळीतले, लाखेच्या रंगाचे. काळ्यांचा रंग काळा नव्हता, तांबडा होता. पुढे पहिल्यांदा खरे काळे मोहरे समोर आले तेव्हा मला उगाचच शोकसभेला आल्यासारखं झालं.

वालावलला बुद्धिबळ नवं नव्हतं. लक्ष्मीनारायणाच्या देवळात, तळ्याच्या बाजूला वारा असतो तिथे, दुपारी म्हाताऱ्यांचे डाव रंगायचे. ते देशी. प्यादं एकच घर चालायचं, पहिल्या चालीलाही. राजाला शह बसला नसेल तोवर एकदा घोड्यासारखी उडी मारायची मुभा. प्यादं पलीकडे पोचलं की ज्या घरात पोचेल त्या घरच्या मोहऱ्याचा जन्म घ्यायचं, वाटेल तेव्हा वजीर नाही. आणि प्याद्याने मात केली तर जिंकणाऱ्याचा मान मोठा. हे डाव चालायचे संथ, पण बघ्यांचा आरडाओरडा फार. खेळणारे दोन आणि चाली सुचवणारे दहा. तात्या तिथे बसत, खेळत, हरतही. पोस्टातल्या पटावर मात्र ते विलायती नियमांनी खेळत आणि तिथे कुणी बोललेलं त्यांना चालत नसे.

पोस्टातल्या पटासमोर बहुतेक वेळा कुणी बसलेलंच नसायचं, कारण त्यांचे प्रतिस्पर्धी कार्डावरून खेळत. एक विदर्भात, एक कर्नाटकात, एक कुठेतरी बिहारकडे. पंधरा पैशांच्या पोस्टकार्डावर समोरच्याची शेवटची चाल, आपलं उत्तर, कार्ड मिळाल्याची तारीख, टाकल्याची तारीख. एक डाव वर्ष वर्ष चाले. चाली आकड्यांत लिहायच्या. पटाच्या उभ्या रांगांना एक ते आठ, आडव्यांना एक ते आठ, म्हणजे राजापुढचं प्यादं दोन घरं पुढे सरकलं की ५२५४. यावरून एकदा गंमत झाली. आकडेच आकडे लिहिलेली कार्डं नेमाने येतात-जातात हे तालुक्याला कुणाच्या तरी नजरेत भरलं आणि वालावलचा पोस्टमास्तर मटका चालवतो अशी कुजबुज उठली. एक साहेब येऊन बसले. तात्यांनी त्यांना पट मांडून दाखवला, कार्डं तारखेवार लावून सबंध डाव खेळून दाखवला. साहेबांनी चहा घेतला, शेवटी एवढंच विचारलं की यात पैसे किती मिळतात. काहीच नाही म्हटल्यावर त्यांचा संशय वाढला असावा, कारण ते पुन्हा एकदा आले.

मी त्या पडवीत शिरले ती टपालाच्या निमित्ताने. वडील मुंबईला, गिरणीत. त्यांचं पत्र आलं का बघायला मला पाठवत. पत्र नसलं की तात्या म्हणत, "बस गो बाय. पत्र नाय तर डाव बघ." पत्रं क्वचित येत, त्यामुळे डाव बरेच बघितले.

खऱ्या अर्थाने शिकले ती मात्र वहीमुळे. तात्यांच्याकडे लांब पानांची, पोस्टाच्या हिशेबाच्या वहीसारखी एक वही होती. तिच्यात त्यांनी वर्तमानपत्रांतली कात्रणं चिकटवलेली, डाव उतरवलेले. १९७२ साली रेकजाविकला फिशरने स्पास्कीला हरवला तो सहावा डाव, जो संपल्यावर स्पास्कीने स्वतः टाळ्या वाजवल्या होत्या. कार्पोव्ह-कोर्चनॉयचे बागियोमधले डाव. पुढे १९८२ साली शाळकरी वयाच्या दिव्येंदू बारुआने लंडनला त्याच कोर्चनॉयला हरवलं, तोही. मुंबईचे पेपर आमच्याकडे शिळे होऊन यायचे आणि तात्यांच्या हाती पडायचे ते आणखी शिळे, कुणाच्या सामानाला गुंडाळून आलेले, कुणी पुतण्याने पाठवलेले, एखादा कुडाळच्या न्हाव्याकडून मागून आणलेला. वहीच्या प्रत्येक पानावर उजवीकडे तात्यांनी उभी रेघ मारून एक रकाना केला होता आणि वर लिहिलं होतं, "आणलं कोणी". डाव कुणाचा ते डावीकडे, तो कागद इथवर कुणी आणला ते उजवीकडे. फिशरच्या शेजारी एका ट्रक ड्रायव्हरचं नाव होतं.

डाव लिहिण्याची जुनी पद्धत मोठी किचकट होती. पी-के-४ म्हणजे राजापुढचं प्यादं चौथ्या घरात, पण चौथं कुणाकडून मोजायचं? पांढरा आपल्या बाजूने मोजणार, काळा आपल्या. एकाच घराला दोन नावं. १९८१ पासून जागतिक संघटनेने ही पद्धत मोडीत काढली आणि ए-बी-सी-डी आणि एक-दोन-तीनवाली पद्धत तेवढी मान्य ठेवली. हे कळल्यावर तात्यांनी काय करावं? सबंध वही नव्याने उतरवायला घेतली. त्यांची नजर अधू व्हायला लागली होती, म्हणून मला बसवलं. ते जुनी चाल वाचणार, मी ती पटावर करणार, घर बघणार आणि नव्या वहीत लिहिणार. पावसाळाभर हे चाललं. बाहेर कर्ली नदी तांबड्या पाण्याने फुगलेली, कुडाळचा रस्ता कधी चालू कधी बंद, टपाल अडकलेलं, आणि आम्ही दोघं कार्पोव्हचा उंट कुठल्या घरात गेला यावर भांडत. मला बुद्धिबळ कुणी शिकवलं असं विचारलं तर मी तात्या म्हणते, पण शिकवलं असं त्यांनी काही नाही. त्यांनी लिहायला लावलं.

त्याच वहीत १९७६ चं एक कात्रण होतं. खाडिलकर भगिनींचं कौतुक तात्यांना दोन कारणांनी. पहिलं म्हणजे त्या 'नवाकाळ'च्या नीळकंठ खाडिलकरांच्या मुली आणि नाटककार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या पणत्या. तात्यांनी दशावतारापासून संगीत नाटकापर्यंत सगळं पाहिलेलं. दुसरं म्हणजे त्यांचा खेळ. महिलांची राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली सुरू झाली ती वासंतीने जिंकली, आणि पहिल्या दहा वर्षांत हे विजेतेपद वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघींच्या बाहेर गेलंच नाही. एका घराने एक स्पर्धा अशी दहा वर्षं वापरावी याला दुसरं उदाहरण मला माहीत नाही. धाकटी रोहिणी १९७६ मध्ये, तेरा वर्षांची असताना, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. गहजब झाला. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, तिच्या बाजूने लागलं, आणि जागतिक संघटनेचे अध्यक्ष मॅक्स यूव्ह, जे स्वतः कधीकाळी जगज्जेते होते, त्यांनी निर्णय दिला की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय स्पर्धेत बाई आहे म्हणून कुणाला अडवता येणार नाही. हे त्या कात्रणात होतं.

मी सातवीत असताना तात्या मला एका स्पर्धेला घेऊन गेले. गाव सांगत नाही; ज्यांनी अडवलं ती माणसं वाईट नव्हती. एका शाळेच्या वर्गात बाकं जोडून पट मांडलेले. नावनोंदणीवाले गृहस्थ माझ्याकडे बघून तात्यांना म्हणाले, मुलींसाठी पुढच्या वर्षी वेगळा गट ठेवू, या वर्षी सोय नाही.

तात्या म्हणाले, "फुडल्या वर्षी ठेवा. ह्या वर्षी ह्या चेडवाक खेळूक देतास की नाय, तेवढा सांगा."

गृहस्थांनी नियम नाही म्हणून सांगितलं. तेव्हा तात्यांनी पिशवीतून वही काढली. जाडजूड वही, वालावलहून एसटीने मांडीवर धरून आणलेली. पान काढलं आणि उभ्यानेच, मनीऑर्डरवरचा मजकूर वाचावा तशा स्वच्छ आवाजात, ते कात्रण वाचलं. उच्च न्यायालय, मॅक्स यूव्ह, सगळं. भोवती मुलं जमली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालेलं. गृहस्थांनी वही हातात घेऊन कात्रण पुन्हा एकदा मनात वाचलं, वर बघितलं, आणि माझं नाव लिहून घेतलं. प्रवेश फी मात्र घेतली.

त्या दिवशी मी काही चमकले वगैरे नाही. मधल्या कुठल्याशा क्रमांकावर आले. पण रोहिणी खाडिलकर पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या झाल्या, १९८१ ला हैदराबादला आणि १९८३ ला क्वालालंपूरला आशियाई विजेत्या झाल्या, अर्जुन पुरस्कार मिळाला, या सगळ्यापेक्षा मला त्यांचं तेराव्या वर्षीचं तिथे जाऊन बसणं मोठं वाटतं, कारण त्या बसण्याचा उपयोग मला झाला. खेळाडूच्या कारकिर्दीची यादी करताना आपण चषक मोजतो. एखादीच्या खेळण्याने दुसऱ्या कुठल्या गावात कुणाला खुर्ची मिळाली हे कुठल्याच यादीत येत नाही.

ठिपसे यांचं देणं निराळं आहे. ते वाट बघण्याचं आहे.

आज ग्रँडमास्टर म्हटलं की पेपरात आधी वय येतं. बारा वर्षं इतके महिने, तेरा वर्षं इतके दिवस. वयाचं हे वेड मला सोसत नाही, कारण माझ्या लहानपणी या महाराष्ट्रात ग्रँडमास्टर नावाचा प्राणीच नव्हता. हा किताब मिळायला मोठ्या स्पर्धांमध्ये ठरावीक दर्जाची कामगिरी करावी लागते, तिला नॉर्म म्हणतात. ती कामगिरी करायची तर समोर परदेशी खेळाडू हवेत, त्यांत ग्रँडमास्टर हवेत. ज्या देशात एकही ग्रँडमास्टर नाही त्या देशात अशा स्पर्धा होणार कशा? म्हणजे तिकीट काढून युरोपात जा, परकीय चलनाची परवानगी काढा, नोकरीतून रजा काढा, तिकडच्या थंडीत खेळा, अर्ध्या गुणाने नॉर्म हुकवा आणि परत या. ठिपसे १९८४ मध्ये अर्जुन पुरस्काराचे मानकरी झाले. १९८५ मध्ये लंडनला राष्ट्रकुल स्पर्धेचं विजेतेपद मिळवणाऱ्यांत ते होते. हा मान मिळवणारे पहिले भारतीय. राष्ट्रीय विजेतेपद सात वेळा. ग्रँडमास्टर मात्र नाहीत.

तात्यांनी हे स्वतःचं कोर्टातलं प्रकरण असल्यासारखं मनाला लावून घेतलं. मी कॉलेजसाठी कुडाळला जायला लागले, संध्याकाळच्या एसटीने परत येई. उतरले की तात्या खळ्यातून हाक मारत, "ठिपसेक नॉर्म गावलो?"

"अजून गावाक नाय, तात्यानु."

"बरा. घाय नाय."

१९८८ साली विश्वनाथन आनंद भारताचा पहिला ग्रँडमास्टर झाला. गावात पेढे वाटावेत असा आनंद तात्यांना झाला, पण दुसऱ्या दिवशी प्रश्न तोच. १९९१ मध्ये बारुआ दुसरा. प्रश्न तोच. मी एकदा चिडून म्हटलं, आनंद एवढा खेळतोय, तुम्ही अजून ठिपसेंचंच काय घेऊन बसलात? तात्यांनी मला वहीतली ठिपसेंची पानं काढून दिली आणि ती सगळी पटावर खेळून मग बोलायला ये म्हणून सांगितलं. खेळले. त्यांत हरलेलेही डाव होते. हुकलेले नॉर्म कसे हुकतात ते दिसलं: चार तास धरून ठेवलेला पट एका थकलेल्या चालीने सुटतो. आनंदचे डाव बघताना माणूस थक्क होतो. ठिपसेंचे डाव बघताना मला, एका खेड्यातल्या बऱ्यापैकी खेळणाऱ्या मुलीला, हा माणूस काय काम करतोय ते कळत होतं.

या दरम्यान मी एकदा सांगलीला जाऊन आले. फोंडाघाटाने कोल्हापूर, तिथून सांगली. भाऊसाहेब पडसलगीकरांनी ज्या नूतन बुद्धिबळ मंडळासाठी आयुष्य वेचलं, तिथल्या स्पर्धेत खेळले. भाग्यश्री साठे, म्हणजे पुढच्या भाग्यश्री ठिपसे, पाच वेळच्या राष्ट्रीय विजेत्या, त्या याच सांगलीच्या तालमीतल्या. तिथे मी असे हात बघितले की मोहरा पटावर ठेवताना आवाज होत नाही. माझ्या खेळाची उंची मला तिथे कळली आणि आश्चर्य म्हणजे वाईट वाटलं नाही. मी गणिताची शिक्षिका झाले.

१९९७. माझं लग्न झालेलं, नोकरी कुडाळला, सासर जवळच. एका सकाळी शाळेत पेपर चाळताना आतल्या पानावर बातमी दिसली. प्रवीण ठिपसे ग्रँडमास्टर. भारताचे तिसरे, महाराष्ट्राचे पहिले. आंतरराष्ट्रीय मास्टर झाल्यापासून एका तपाहून जास्त काळ लोटलेला, वयाची पस्तिशी मागे पडलेली. मधली सुट्टी होईपर्यंत कशीबशी थांबले, अर्धी रजा टाकली, पेपर घेतला आणि वालावलची गाडी पकडली.

तात्या तेव्हा निवृत्त झालेले, पडवीतलं टेबल गेलेलं, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं. त्यांनी बातमी भिंगातून वाचली. मग म्हणाले, "आता रेटिंग टिकवूक होया." एवढंच. मी वालावलपर्यंत धावत आले होते ते यासाठी! पण जेवायला थांबवलं, माशाचं कालवण होतं, आणि जेवण झाल्यावर वही काढायला सांगितली. कात्रण मीच चिकटवलं. उजव्या रकान्यात त्यांनी स्वतःच्या थरथरत्या अक्षरात माझं नाव लिहिलं. इतकी वर्षं त्या वहीत मी शेकडो चाली लिहिल्या होत्या, पण माझं नाव तिच्यात आलं ते त्या दिवशी पहिल्यांदा.

पुढच्या वर्षी कोकण रेल्वे पूर्ण धावायला लागली आणि मुंबईचा पेपर लवकर यायला लागला. २००० मध्ये पुण्याचा अभिजित कुंटे ग्रँडमास्टर झाला तेव्हा बातमी आणायला मला धावावं लागलं नाही. तात्या गेले त्यानंतर. त्यांचे कार्डावरचे डाव अर्धे राहिले होते. मी तिघांनाही कळवलं. बिहारवाल्या गृहस्थांनी उलट कार्ड पाठवलं की परिस्थिती पाहता बरोबरी मान्य. मी पट मांडून बघितलं, तात्या हरत होते.

वही माझ्याकडे आली. निवृत्तीनंतर मी रविवारी मुलांना बुद्धिबळ शिकवते. सुट्टीत वालावलच्या घरी, एरवी कुडाळला. मुलांना वहीची गरज नाही, फोनवर जगातला कुठलाही डाव एका बोटाने येतो आणि कुठली चाल चुकली तेही यंत्र सांगतं. ठिपसेंचा एक डाव मी दाखवला तर एकाने फोनवर तपासून सांगितलं, बाई, ह्यांची विसावी चाल चुकली. असेल चुकली. मी त्याला फोन बाजूला ठेवून बरोबर चाल शोधायला सांगितली. घंटाभर तो पटाकडे बघत बसला आणि शेवटी ठिपसेंचीच चाल खेळला.

मी त्यांना विदितची गोष्ट सांगते. नाशिकचा विदित गुजराथी २०२३ च्या ग्रँड स्विस स्पर्धेत पहिलीच फेरी हरला, आणि तरी अकरा फेऱ्यांत साडेआठ गुण करून ती स्पर्धा जिंकला. पुढच्या वर्षी टोरांटोला कँडिडेट्समध्ये नाकामुरासारख्याला त्याने दोन्ही डावांत हरवलं. पहिला डाव हरून रडत बसलेल्या मुलांना ही गोष्ट औषधासारखी लागू पडते. आमच्या शेजारच्या गोव्याचं तर विचारूच नका. अनुराग म्हामल तिथला पहिला ग्रँडमास्टर, मग लिऑन मेंडोन्सा चौदाव्या वर्षी. आणि २०२५ च्या नोव्हेंबरात विश्वचषकच गोव्यात भरला, दोनशे सहा खेळाडूंचा. दोडामार्गाच्या पलीकडे जगातले निम्मे मोठे खेळाडू आलेत म्हटल्यावर आमच्या मुलांचे आईबाप गाड्या काढायला तयार झाले होते.

पण खरी खळबळ त्याआधी जुलैत झाली होती. नागपूरची दिव्या देशमुख बातुमीला महिलांचा विश्वचषक जिंकली, अंतिम फेरीत कोनेरू हंपीला हरवून, आणि त्या विजयासरशी ग्रँडमास्टर झाली. भारताची अठ्ठ्याऐंशीवी. जाताना तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. विश्वचषक जिंकणाऱ्याला किताब थेट मिळतो, असा नियम आहे. वर्गात यावर जोरात वाद झाला. ठिपसेंना एवढी वर्षं लागली आणि हिला एका महिन्यात, हे बरोबर का? एक मुलगा म्हणाला हे शॉर्टकट. आठवीतली एक मुलगी त्याच्यावर तुटून पडली: हंपीला हरवून दाखव, मग बोल. मला विचारलं, बाई, तुमचं काय मत? मी म्हटलं, ठिपसेंच्या काळात असा विश्वचषक कुणी त्यांच्यापुढे ठेवला नव्हता, आणि ठेवलेला जिंकणं हे वाट बघण्यापेक्षा सोपं असतं असं मला वाटत नाही. दोन्ही बाजूंचं समाधान झालं नाही.

अंतिम फेरीच्या वेगवान डावांतला दुसरा, हंपी जिथे हरली तो, त्याच मुलीने फोनवरून उतरवून आणला होता. वहीत घालायचा ठरला. नव्या पिढीच्या अक्षरात, नव्या पानावर. लिहून झाल्यावर मी उजव्या रकान्यात तिचं नाव लिहायला घेतलं तर तिने हात धरला.

"बाई, माझा नाव कित्याक? मोबाइल बाबांचो आसा."

मग बाबांचं नाव लिहू का, म्हटलं.

"आणि रिचार्ज आजयेन मारल्यान."

तिघांचीही लिहिली. रकाना अरुंद, आजीचं नाव दोन ओळींत गेलं.